‘विद्यापीठाचा निकाल अंतिम’ म्हणणाऱ्या मेसेजमध्ये काय चुकीचं आहे

निकाल लागले की विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरू लागतो. त्याचा आशय असा: उत्तरपत्रिका गोपनीय असते, कोर्ट निकालात हात घालत नाही, विद्यापीठ कधीही तुमची परीक्षा रद्द ठरवू शकतं, निकाल उशिरा लागला तरी कुणाला विचारता येत नाही, आणि फारच अन्याय वाटला तर ग्राहक मंचात जा. केटी लागलेली, म्हणजे एखादा विषय राहिलेली मुलं हे खरं मानतात आणि अर्जाची मुदत निघून जाते. याचाच मला संताप येतो.

‘उत्तरपत्रिका गोपनीय असते.’ साफ खोटं. सीबीएसईच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ९ ऑगस्ट २०११ रोजी सांगितलं की स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका माहिती अधिकारात पाहता येते, तिची प्रतही मिळते. परीक्षकाचं नाव मात्र कळत नाही. पुढे २०१८ मध्ये यूपीएससीच्या नागरी सेवा परीक्षेसाठी न्यायालयाने हात आखडता घेतला, हेही खरं. पण महत्त्वाची गोष्ट वेगळीच आहे: नियमाप्रमाणे उत्तरपत्रिका जितके दिवस जपून ठेवायची, तितकेच दिवस हा हक्क चालतो. म्हणून अर्ज निकालानंतर लगेच करा.

‘कोर्ट निकालात हात घालत नाही.’ हे अर्धं खरं आहे, म्हणूनच जास्त घातक. याचं मूळ आपल्याच राज्यात आहे. महाराष्ट्र बोर्डाच्या नियमात फेरतपासणीला मनाई होती. मुंबई उच्च न्यायालयाने ती मनाई रद्द केली, पण १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा वैध ठरवली. नियमात रिव्हॅल, म्हणजे फेरतपासणी नसेल तर तो हक्क म्हणून मागता येत नाही, हे तेव्हापासून पक्कं आहे. पण नियमात असेल तर तो द्यावाच लागतो. शिवाय कानपूर विद्यापीठाच्या वैद्यकीय प्रवेश परीक्षेत आदर्श उत्तरंच चुकीची निघाली, तेव्हा पाठ्यपुस्तकाप्रमाणे बरोबर लिहिणाऱ्याला शिक्षा देता येणार नाही, असं १९८३ मध्ये न्यायालयाने बजावलं. अट एवढीच की चूक उघड दिसली पाहिजे. ओढूनताणून सिद्ध करावी लागत असेल तर फायदा विद्यापीठाला. ‘मला अजून पाच मार्क हवे होते’ ही याचिका होत नाही.

‘विद्यापीठ कधीही परीक्षा रद्द ठरवू शकतं.’ कुरुक्षेत्र विद्यापीठाच्या एका कायद्याच्या विद्यार्थ्याची हजेरी कमी भरली होती, तरी त्याला परीक्षेला बसू दिलं. नंतर तेच कारण पुढे करून त्याची उमेदवारी रद्द केली. अर्ज आधी तपासणं हे विद्यापीठाचं काम होतं, एकदा परीक्षेला बसू दिल्यावर मागे फिरता येणार नाही, असा निकाल १९७५ मध्ये लागला. अर्थात विद्यार्थ्याने काही लपवलं असेल, किंवा मुळात नियमातच बसत नसेल, तर हा आधार डळमळतो. २०१० मध्ये एकाच वेळी दोन अभ्यासक्रम करणाऱ्या विद्यार्थिनीला तो मिळाला नाही.

उशिराच्या मुद्द्यावर फार बोलायला नको. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ च्या कलम ८९ नुसार ३० दिवसांत निकाल लावायचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवस ओलांडायचे नाहीत. ओलांडले तर कारणांचा अहवाल कुलपतींकडे जातो. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठाच्या ऑनलाइन तपासणीचा घोळ झाला तेव्हा कुलगुरूंना पद सोडावं लागलं होतं.

आणि ग्राहक मंच? तिथे पैसे आणि वेळ दोन्ही वाया जातील. परीक्षा घेणारं मंडळ सेवा विकत नाही, परीक्षार्थी ग्राहक नाही, हे बिहार बोर्डाच्या प्रकरणात २००९ मध्येच ठरलं आहे. खरा मार्ग असा: आधी विद्यापीठाची विद्यार्थी तक्रार निवारण समिती, जिने विद्यापीठ अनुदान आयोगाच्या (यूजीसी) २०२३ च्या विनियमांनुसार १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो. तिचा निर्णय पटला नाही तर १५ दिवसांत विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या लोकपालांकडे अपील. फेरतपासणीचा अर्ज लोकपाल सहसा घेत नाहीत; निकालावर परिणाम करणारी ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवावा लागतो. तिथेही दाद मिळाली नाही, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय. तिथे उशीर झाला तर तोच तुमच्या विरोधात जातो, त्यामुळे प्रत्येक अर्जाची पोच तारखेसह जपून ठेवा.