मण्यार मारली, त्यात चुकलं काय?

दादा, नमस्कार.

तुमची प्रतिक्रिया मंगळवारी रात्री वाचली आणि लगेच उत्तर लिहायला बसलो. रागात लिहिलेलं ते उत्तर सकाळी पुसून टाकलं. आता चार दिवसांनी पुन्हा लिहितोय.

बाकीच्या वाचकांसाठी सांगतो. नागपंचमीच्या आदल्या दिवशी मी 'साप दिसला तर काठी शोधू नका, फोन शोधा' असं इथे लिहिलं होतं. त्यावर दादांचं म्हणणं थोडक्यात असं: "स्लॅबच्या घरात बसून भूतदया सुचते. आमच्या वस्तीवर गेल्या पावसाळ्यात मण्यारीने चुलतभावाचा पोरगा झोपेत नेला. त्यानंतर एकदा साप निघाला तर तुमच्यासारख्याच एका सर्पमित्राला बोलावलं. तो दीड तासाने आला, व्हिडिओ काढला, पेट्रोलचे पैसे घेतले आणि साप आमच्याच ओढ्याला सोडून गेला. आता दिसली की ठेचतो. चुकलं काय?"

त्या पोराबद्दल मी काय लिहिणार? तो नसलेल्या घरात माझा लेख वाचला गेला आणि त्यात मी 'अज्ञानापोटी साप मारतात' असं वाक्य टाकलं होतं. ते वाक्य मी काढून टाकलंय.

घर स्लॅबचं आहे, हेही खरं. दीड तासाचं म्हणाल तर मी शाळेत शिकवतो, तासावर असलो की फोन बंद असतो, आणि माझ्यामुळेही लोक ताटकळलेत. व्हिडिओचा मुद्दा तर मला फारच लागला. पहिली दोन-तीन वर्षं मीही नागाला शेपटीने उचलून फोटो काढले. त्यातला एक अजून भावकीच्या ग्रुपवर दर नागपंचमीला फिरतो आणि खाली लोक 'डॅशिंग सर' लिहितात. साप धरायची नीट पद्धत इतकी कंटाळवाणी असते की तिचा व्हिडिओ कोणी बघणार नाही. पाइपच्या एका तोंडाला पिशवी बांधायची, दुसरं तोंड सापासमोर ठेवायचं आणि गप्प उभं राहायचं. अंधारं भोक दिसलं की साप आपणहून आत जातो. हात लावावाच लागत नाही. तुमच्याकडे आलेल्याने फणा काढायला लावून गर्दी जमवली असेल, तर तुमचा राग रास्त आहे.

पण साप ओढ्याला सोडला ही तक्रार मला मान्य नाही. पंधरा-वीस किलोमीटरवर नेऊन सोडलेल्या सापाला तिथली बिळं, पाणी, भक्ष्य काहीच माहीत नसतं. तो सैरभैर फिरतो आणि कोणाच्या तरी दुसऱ्याच वस्तीवर निघतो. शिवाय तुमच्याकडची उंदरांची बिळं रिकामी राहत नाहीत, तिथे दुसरा येतो.

आता मण्यारीचं. इथे थोडं थांबून लिहितो, कारण आमच्या नीरा कालव्याच्या ऊसपट्ट्यातही माणसं अशीच गेलीत. मण्यार दिवसा कुठे तरी दडून असते, बाहेर पडते रात्री. उंदीर, पाली, दुसरे साप शोधत भिंतीच्या कडेने सरकते, उंबऱ्याखालच्या फटीतून आत येते. जमिनीवर अंथरूण असलं की तिला ती एक अडचण, बाकी काही नाही. झोपेत हात पडला, कूस वळली, की चावते. दात इतके बारीक की खूण दिसेलच असं नाही. सूज नाही, आग नाही, फार तर मुंगी चावल्यासारखं. माणूस पुन्हा झोपतो. पहाटे पोटात कळ येते, उलटी होते, घसा धरतो. घरात सगळ्यांना वाटतं गॅस झाला. ओवा देतात, सोडा देतात. तोवर पापण्या जड होतात, पोरगं 'झोप येतेय' म्हणतं आणि आई म्हणते, झोपू दे जरा. तीच पापणी पडायची वेळ असते. ते विष नसांकडून स्नायूंना जाणारा निरोप तोडतं: आधी पापण्या, मग गिळणं, मग श्वास.

तुमच्याकडे नेमकं काय घडलं ते तुम्ही लिहिलं नाहीत, मी विचारतही नाही. पण जमिनीवर झोपलेला माणूस पहाटे पोट धरून उठला आणि डोळे उघडेनात, तर खूण सापडो न सापडो, सर्पदंश धरूनच गाडी काढायची. लवकर पोचलं की लस रक्तात फिरणारं विष थोपवते. एकदा श्वास बसला की मात्र नुसत्या लसीने भागत नाही, व्हेंटिलेटर लागतो, कधी काही दिवस. तेवढे दिवस श्वास चालू ठेवला तर माणूस उठून घरी येतो.

यात साप कोणाला दिसलाच नव्हता, हे तुमच्या लक्षात आलं असेल. तुम्ही ठेचता ती दिसलेली मण्यार. भारतात २००० ते २०१९ या वीस वर्षांत सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसं गेली असा अभ्यासकांचा अंदाज आहे, म्हणजे वर्षाला साधारण ५८ हजार. यातल्या बहुतेकांनी साप आधी पाहिलेला नसतो. कोणी गवत कापताना हात घातलेला असतो, कोणी अंधारात पाणी धरताना पाय दिलेला असतो, कोणी झोपलेलं असतं. शेतपंपाला रात्रीची वीज देणारं वेळापत्रक या बाबतीत कुठल्याही घोणशीपेक्षा मला जास्त घातक वाटतं, पण त्यावर वेगळं लिहावं लागेल.

दिसलेला साप त्या मानाने सोपा. तो कुठे आहे ते आपल्याला कळलेलं असतं. त्याच्या जवळ जाऊन आपण तो अवघड करतो. आमच्या शेजारच्या वाडीत एकाने कडब्याच्या गंजीशी घोणस फावड्याने तोडली. दोन तुकडे झाले, सगळ्यांनी पाहिलं. पाच-सात मिनिटांनी हा गडी मुंडक्याकडचा तुकडा उकिरड्यावर टाकायला गेला आणि तोडलेल्या मुंडक्याने त्याच्या अंगठ्याला दात लावले. तोडल्यावरही काही वेळ जबडा मिटतो, हे त्याला कोण सांगणार होतं? लस मिळाली, पण मूत्रपिंडं बसली आणि डायलिसिसवर दिवस काढावे लागले. वाचला. त्या दिवशी घोणस गंजीखाली तशीच असती आणि हा दहा फूट मागे असता, तर काहीच झालं नसतं.

दुसरं, ठेचली ती मण्यारच होती का? फोनवर 'मण्यार निघाली' म्हणून ऐकतो आणि जाऊन बघतो तर पुष्कळदा कवड्या असतो. बिनविषारी, पालींवर जगणारा. कवड्याचे पट्टे मानेपासून ठळक असतात आणि शेपटीकडे पुसट होत जातात. मण्यारीच्या पांढऱ्या रेघा बहुधा जोडीजोडीने असतात, पुढे पुसट आणि मागे स्पष्ट. यालाच साप म्हणून भुई धोपटणं म्हणत असावेत. पण हे वाचून कोणी वाकून पट्टे मोजायला जाऊ नका. ओळख पटो न पटो, वागायचं एकच: मागे व्हायचं, पोरं आणि कुत्रं बाहेर काढायचं, एकाने लांबून टॉर्च धरून नजर ठेवायची, आणि बाहेर जायची वाट मोकळी सोडायची. पुष्कळदा फोन केलेला माणूस पोचायच्या आत साप निघून गेलेला असतो.

दवाखान्यात दाखवायला साप मारून न्यावा लागतो, म्हणूनही काही जण मारतात. काही गरज नाही. आपल्याकडची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांवर एकच असते. डॉक्टर लक्षणं बघतात. घोणस-फुरशाचा संशय असेल तर रक्त काचेच्या नळीत वीस मिनिटं ठेवून गोठतं का ते बघतात. सापामागे घालवलेला अर्धा तास रुग्णाचा असतो. चावलेला हात किंवा पाय फळी लावून हलू द्यायचा नाही, अंगठी, बांगड्या, जोडवी सूज यायच्या आत काढायची आणि १०८ ला फोन करायचा. करकचून दोरी बांधायची नाही. कोणी आधीच बांधली असेल तर ती वाटेत सोडायचीही नाही, डॉक्टर सोडतील. आणि देवळात न्यायचं नाही. मांत्रिकाकडे बरे होतात त्यांना बहुधा बिनविषारी साप चावलेला असतो, किंवा विषारीने दात लावून विष सोडलेलं नसतं.

तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर राहिलं. पाळण्याशी नाग बसलाय, हाताशी काठी आहे आणि दुसरा मार्ग नाही, तर मारा. मीही मारीन. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यातही स्वतःचा किंवा दुसऱ्याचा जीव वाचवायला नाइलाजाने मारलं तर तो गुन्हा नाही. बांधावरून निघालेल्या धामणीमागे चौघांनी धावणं मात्र त्यात बसत नाही. आणि ती गेली की तिच्या वाट्याचे उंदीर तुमच्या कणगीत येतात, त्यांच्यामागून मण्यार.

वस्तीवर सगळ्यांना खाटा परवडत नाहीत, हे मला माहीत आहे. मग निदान मच्छरदाणी, चारी बाजूंनी अंथरुणाखाली नीट खोचलेली. नुसती लोंबती ठेवली तर उपयोग शून्य. उंबऱ्याची फट बुजवा, सरपण भिंतीला लावून रचू नका, रात्री बाहेर जाताना टॉर्च घ्या. फिनेल, गंधक, लसूण यांवर पैसे घालवू नका.

एक काम मी करू शकतो. तुमच्या जवळच्या ग्रामीण रुग्णालयात लस किती आहे, रात्री कोण असतं, व्हेंटिलेटर चालू आहे का आणि नसेल तर पुढे कुठे पाठवतात, हे विचारून तुम्हाला लिहून पाठवतो. तो कागद वस्तीवर दाराच्या आतल्या बाजूला चिकटवा. तालुक्याचं नाव तेवढं कळवा.