‘लिबएक्स११ उडवा, पीसी पळवा’ : या मेसेजमधलं एकेक वाक्य तपासू

एक फॉरवर्ड फिरतोय, तुमच्याकडेही आला असेल. त्यात म्हटलंय की एक्स११ (लिनक्ससारख्या सिस्टीम्सवर स्क्रीनवर खिडक्या दाखवणारी जुनी व्यवस्था, थोडक्यात एक्स) आता बंद झालंय, सगळे वेलँडवर (तिच्या जागी आलेली नवी व्यवस्था) गेले, तेव्हा लिबएक्स११, लिबएक्ससीबी वगैरे नावाच्या लायब्ररी फाईल्स (प्रोग्रॅम्स ज्या तयार कोडचा आधार घेतात त्या) म्हणजे १९८७ चा कचरा आहे, काढून टाका, मशीन पळायला लागेल. पुढे असंही आहे की विंडोजवर एखाद्या प्रोग्रॅमने ती फाईल मागितलीच तर नेटवरून तेवढी एक डीएलएल (विंडोजमधली लायब्ररी फाईल) उतरवून घ्या आणि फोल्डरमधे टाका. आणि शेवटी, एक्सवर मराठी नीट दिसतच नाही, मग ठेवायचं कशाला. माझ्या भाच्याने हे वाचून खरंच तसं केलं, तेही प्रॅक्टिकलच्या आदल्या रात्री, म्हणून सविस्तर लिहितोय.

‘एक्स११ बंद झालंय.’ यात खरं किती ते आधी सांगतो. एक्स सुरू झालं १९८४ मधे एमआयटीत, अकरावी आवृत्ती आली १९८७ मधे, आणि तिची रचना आज जुनी वाटते हे मान्यच आहे. एका एक्स प्रोग्रॅमला दुसऱ्या प्रोग्रॅममधे दाबलेल्या कीज सहज वाचता येतात, ही खरीखुरी त्रुटी आहे, आणि २००८ मधे वेलँड सुरू झालं त्यामागे असलीच जुनी दुखणी होती. २०२५ मधे रेड हॅट एंटरप्राइज लिनक्स १० ने एक्सऑर्ग सर्व्हर (एक्सचा नेहमीचा सर्व्हर) काढून टाकला, उबुंटू २५.१० या लिनक्समधे गनोम डेस्कटॉपसाठी एक्सचं सेशन राहिलं नाही. इथपर्यंत सगळं बरोबर.

पण जे काढलं तो सर्व्हर आहे, लायब्ररी नाही. सगळी गडबड इथेच होते. एक्समधे सर्व्हर म्हणजे तुमच्यासमोरचा स्क्रीन, कीबोर्ड, माऊस सांभाळणारा प्रोग्रॅम. लिबएक्स११ असते दुसऱ्या बाजूला, ॲप्लिकेशनच्या पोटात. ॲप्लिकेशनला म्हणायचं असतं की मला एवढी एवढी खिडकी उघडून दे, इथे रेघ मार, कोणी बटण दाबलं तर कळव, आणि हे म्हणणं एक्सच्या प्रोटोकॉलमधे बसवून सॉकेटमधून सर्व्हरकडे पाठवायचं काम ही लायब्ररी करते. हल्ली ती पाठवणी आतून लिबएक्ससीबीमार्फत होते. स्क्रीनला लायब्ररी स्वतः हातसुद्धा लावत नाही. आणि वर ज्या दोन सिस्टीम्सची नावं घेतली त्या दोन्हींमधे एक्सवेलँड नावाचा छोटा एक्स सर्व्हर अजून आहे, जुन्या प्रोग्रॅम्सचं म्हणणं ऐकून घ्यायला.

पटत नसेल तर करून बघा. वेलँडवर लॉगिन करा, टर्मिनलमधे एक्सआईज चालवा, दोन मोठे डोळे येतील. माऊस नुसता डेस्कटॉपवर फिरवला तर बुबुळं गप्प राहतात, पण तोच माऊस त्या डोळ्यांवर किंवा एखाद्या एक्सवर चालणाऱ्या प्रोग्रॅमच्या खिडकीवर नेला की लगेच वळतात. एक्सएलएसक्लायंट्स ही कमांड दिली तर यादीच मिळते की आत्ता कोणकोण एक्सच्या वाटेने बोलतंय. ज्यांना वाटत असतं आपण पूर्ण वेलँडवर गेलो, त्यांच्याकडेही या यादीत बऱ्याचदा दोनचार नावं सापडतात.

‘कचरा काढला की मशीन पळतं.’ लिबएक्स११ ची फाईल दोन एमबीसुद्धा नसते. ती कोणी वापरत नसेल तर डिस्कवर नुसती पडून असते, आणि दहा प्रोग्रॅम वापरत असले तरी तिचा कोड मेमरीत एकदाच येतो आणि सगळे तोच वाटून घेतात. ती काढून जागा किंवा वेळ वाचेल असं काही नाहीच. उलट काढताना काय होतं बघा, भाच्याने उबुंटूवर पर्ज या पॅकेज काढून टाकायच्या कमांडला डॅश वाय लावला होता म्हणजे विचारूच नको, सरळ कर. एपीटीने (उबुंटूमधे पॅकेजं टाकणारा-काढणारा प्रोग्रॅम) काय काय निघणार त्याची यादी दाखवली होती, गनोम शेल, जीटीके (खिडक्या, बटणं काढणारी लायब्ररी), फाईल मॅनेजर, सगळं त्यात होतं, पण डॅश वाय असल्यामुळे ती यादी भराभर वर सरकत गेली आणि पाच मिनिटांनी काळ्या स्क्रीनवर लॉगिन एवढाच शब्द. जीटीके वेलँडवर चालतं हे खरं, पण उबुंटूने ते दोन्ही वाटा धरून बनवलेलं आहे, त्यामुळे लिबएक्स११ शिवाय ते पॅकेज उभंच राहत नाही. रात्री साडेअकराला त्याचा फोन आला. मोबाईल यूएसबीने जोडून नेट दिलं, उबुंटू-डेस्कटॉप पॅकेज परत टाकायला लावलं, दीड वाजता डेस्कटॉप आला. फाईल्स होम फोल्डरमधे होत्या म्हणून वाचल्या. मुलाची चूक मी म्हणणार नाही, इतक्या ठामपणे लिहिलेलं वाचलं की कोणालाही खरंच वाटेल.

‘एक डीएलएल उतरवून फोल्डरमधे टाका.’ हा सल्ला सगळ्यात वाईट, कारण यात मशीन नुसतं बंद पडत नाही, तुम्ही अनोळखी माणसाचा कोड स्वतःच्या हाताने आत घेता. शिवाय त्याने काम होतही नाही. सिग्विनमधे (लिनक्ससारखे प्रोग्रॅम्स विंडोजवर चालवायची सोय) त्या फाईलचं नाव सिगएक्स११-६.डीएलएल. तिला लागते सिगएक्ससीबी, तिला लागतात सिगएक्सएयू आणि सिगएक्सडीएमसीपी, आणि या सगळ्यांच्या खाली सिग्विन१.डीएलएल, तीही जुळणाऱ्या आवृत्तीची. एक टाकली की दुसरी नाही म्हणून रडतं, ती टाकली की तिसरी, आणि या नादात सिग्विन१ च्या दोन वेगळ्या प्रती मशीनवर आल्या की आधी चालत होतं तेही चालेनासं होतं. सरळ रस्ता असा, सिग्विनचा स्वतःचा सेटअप चालवा, एक्सऑर्ग-सर्व्हर आणि एक्सइनिट निवडा, बाकीच्या लायब्ऱ्या तो आपोआप घेतो. विंडोज ११ वर डब्ल्यूएसएल (विंडोजच्या आत लिनक्स चालवायची सोय) असेल तर तेवढंही नको, त्यात खिडक्या दाखवणारं डब्ल्यूएसएलजी येतं आणि आतमधे पुन्हा तेच एक्सवेलँड असतं.

आणि एरर नीट वाचा हो. ‘शेअर्ड लायब्ररी लोड करताना एरर’ असं आलं तर फाईल खरंच गायब आहे. ‘कान्ट ओपन डिस्प्ले’ आलं तर लायब्ररी जागेवर आहे, तिने सर्व्हर शोधला आणि तो सापडला नाही. तेव्हा डिस्प्ले व्हेरिएबल (कुठल्या सर्व्हरकडे जायचं ते सांगणारी सेटिंग) बघायचा, एसएसएचने लांबच्या मशीनवर जाताना -X (मोठा एक्स) हा पर्याय दिला होता का ते बघायचं. या दुसऱ्या एररवर लोक डीएलएल शोधत बसतात, त्याने काहीही होणार नाही.

मॅकबद्दल मेसेजमधे फक्त ‘ॲपलनेही काढून टाकलं’ एवढंच आहे. २०१२ मधे माउंटन लायनपासून ॲपलने एक्स११ सोबत देणं थांबवलं, पण लोकांना एक्सक्वार्ट्झकडे पाठवलं, ते ऑप्ट फोल्डरात एक्स११ नावाने बसतं. आर ही संख्याशास्त्राची भाषा वापरणाऱ्यांना टीसीएलटीके या खिडक्या काढणाऱ्या पॅकेजसाठी ते आजही लागतं. तुमचा एकही प्रोग्रॅम मागत नसेल तर नका टाकू, पण ज्याचं काम लांबच्या सर्व्हरवर चालतं आणि खिडकी आपल्या लॅपटॉपवर उघडते त्याला ते लागणारच. नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे, तिथला डेटा एआयपीएस या सॉफ्टवेअरमधे प्रोसेस करणाऱ्यांना विचारा, त्यातलं चित्र दाखवणारं टीव्ही सर्व्हर म्हणतात ते एक्सचंच आहे.

राहिलं मराठी. एक्सटर्म या एक्सच्या जुन्या टर्मिनलमधे ‘विद्यार्थी’ टाईप केलं तर वेलांटी भलतीकडे जाते, जोडाक्षर फुटतं, हे मी रोज बघतो. पण त्याच एक्सवर, त्याच फॉन्टमधे, शेजारी जीटीकेचा एडिटर उघडा, तिथे ‘विद्यार्थी’ अगदी नीट दिसतं. कारण अक्षरं जुळवायचं काम हार्फबझ आणि पँगो या लायब्ऱ्या करतात, एक्सटर्म त्यांना विचारतच नाही. म्हणजे दोष एका प्रोग्रॅमचा आहे. आणि वेलँडवर सेटिंग्जमधे जाऊन तुम्ही मराठी कीबोर्ड निवडता ना, कुठल्या कीवर क आणि कुठल्या कीवर ख हे सांगणारी माहिती वेलँडने नव्याने लिहिलेली नाही, ती एक्सकेबीचीच (एक्सच्या कीबोर्ड व्यवस्थेची) आहे, आणि कित्येक मशीन्सवर ती आजही शेअरमधल्या एक्स११ नावाच्या फोल्डरातूनच वाचली जाते.