व्हिक्टरला कोपऱ्यात उभे केले, पुढे काय?

रविवारी कट्ट्यावर कार्ल ड्रेयर यांच्या ‘मास्टर ऑफ द हाऊस’ या १९२५ सालच्या डॅनिश मूकपटावरून वाद पेटला, आणि त्याला तोंड फोडले ते अण्णांनी. त्यांचे म्हणणे असे, की उठल्यापासून बायकोमुलांवर डाफरणाऱ्या व्हिक्टरला लहानपणी सांभाळणारी मॅड्स ही म्हातारी दाई जेव्हा वठणीवर आणते आणि मुलाला होणारी कोपऱ्यात उभे राहण्याची शिक्षा बापालाच भोगायला लावते, तेव्हा सगळा हिशेब चुकता होतो.

ताईंना हे मुळीच पटले नाही. कोपऱ्याचा प्रसंग गमतीचा खरा, परंतु चित्रपटाचा जीव न्याहारीच्या टेबलावर आहे, असे त्या म्हणाल्या. लोणी पुरणार नाही हे पाहून व्हिक्टरची बायको ईडा स्वतःच्या पावावरचे लोणी सुरीने खरवडते आणि नवऱ्याच्या पावाला लावते. महाशयांची कुरकुर मात्र संपत नाही. ड्रेयर यांनी स्टुडिओत चार भिंतींचे, गॅस आणि पाण्याची जोडणी असलेले घरच उभारले होते, आणि मला वाटते, म्हणूनच त्या घरातील राबणे आपल्याला इतके जवळून जाणवते.

व्हिक्टरचा धंदा बुडाला आहे, हे तुम्ही विसरता, असे मास्तरांनी मध्येच सुनावले. त्यावर ताईंनी तत्काळ विचारले, की तो फटका ईडालाही बसला होताच ना, मग ती कोणावर खेकसली?

माझे लक्ष मात्र थोरल्या मुलीकडे जाते. खचून गेलेली ईडा विश्रांतीसाठी घराबाहेर पडते, तेव्हा व्हिक्टर मॅड्सच्या धाकाने कामाला जुंपला जातो हे खरे. पण घर तगते ते एका म्हातारीच्या आणि एका शाळकरी पोरीच्या आधारावर, आणि या पोरीच्या वाट्याला आलेल्या कामांचा हिशेब कोणीच मागत नाही.

अखेरीस ईडाच्या आईने दिलेल्या पैशांतून व्हिक्टरच्या दुकानाची सोय होते. म्हणजे तो पुन्हा दुकानात जाणार आणि घर पुन्हा ईडाच्या गळ्यात पडणार, मग त्याच्या अंगवळणी पडलेल्या घरकामाचे काय होणार, असे मी विचारले. अण्णा थोडे थांबून म्हणाले, “निदान लोण्यावरून तरी तो आता तोंड उघडणार नाही!”