मेलेल्यांची पुस्तकं जपली, शेजाऱ्यांची जाळली

"चर्चने युरोपात हजार वर्षं ज्ञान दाबून ठेवलं, मग प्रबोधन आलं आणि उजेड पडला." हे आपल्याकडे इतक्या सर्रास बोललं जातं की कुणी पुरावाही मागत नाही. मला ते मान्य नाही. आणि हल्ली त्यावर जे उत्तर मिळतं, की चर्चनेच विद्या वाचवली, विद्यापीठं उभी केली, तेवढ्यावरही माझं समाधान होत नाही.

ल्युक्रेशियस हा इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातला रोमन कवी. देव माणसांच्या उलाढालीत लक्ष घालत नाहीत, आत्मा देहाबरोबरच संपतो, असं ठासून सांगणारा. ख्रिस्ती श्रद्धेच्या मुळावरच येणारं हे काव्य आज वाचता येतं, कारण नवव्या शतकात, फ्रँकांचा सम्राट शार्लमेन आणि त्याच्या वारसांच्या काळात, ख्रिस्ती लेखनिकांनी ते उतरवून घेतलं. त्यातल्या दोन प्रती नेदरलँड्समध्ये लायडनला आहेत. एका प्रतीत मागाहून कुणीतरी चुका दुरुस्त केल्या आहेत, सुटलेल्या ओळी भरल्या आहेत. ते अक्षर डुंगाल नावाच्या आयरिश विद्वानाचं असावं, असं अभ्यासक मानतात. तेव्हा तिथे छापखाना नव्हता, कागदही नव्हता. वासराचं किंवा मेंढीचं कातडं चुन्याच्या पाण्यात भिजवायचं, चौकटीवर ताणून खरवडायचं आणि मग पिसाच्या लेखणीने एकेक ओळ लिहायची. आपल्या श्रद्धेच्या विरोधातल्या पुस्तकासाठी एवढे कष्ट उपसणाऱ्यांना अंधारयुगातले म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

आता पॅरिस. १२१० मध्ये तिथल्या धर्मसभेने ॲरिस्टॉटलचे निसर्गविषयक ग्रंथ शिकवायला बंदी केली. हे ग्रंथ आणि त्यांवरचं इब्न सिनासारख्या मुस्लिम तत्त्वज्ञांचं लेखन लॅटिनमध्ये नव्यानेच आलं होतं, बरंचसं स्पेनमधल्या टोलेडोमार्गे अरबीतून. पुढे १२२९ मध्ये, उपवासाचा काळ सुरू होण्याआधीच्या सणात, दारूच्या पैशांवरून विद्यार्थी आणि गुत्तेवाला यांची जुंपली. मार खाल्लेले विद्यार्थी दुसऱ्या दिवशी सोबती आणि दांडकी घेऊन परतले. राजाच्या वतीने फ्रान्सचा कारभार पाहणाऱ्या राणी ब्लांशने शिपाई सोडले, त्यात काही विद्यार्थी मेले. विद्यार्थी कायद्याने धर्मगुरूंच्या वर्गात मोडत, त्यांचा न्याय चर्चकडे असे. राजाच्या शिपायांनी त्यांच्यावर हात टाकणं हा हक्कभंगच होता. अध्यापकांनी वर्ग बंद केले आणि बहुतेकांनी शहर सोडलं. कुणी ऑक्सफर्डला गेलं, कुणी ऑर्लेआँला, कुणी तुलूझला. तुलूझच्या नव्या विद्यापीठाने तर पत्रकच काढलं, की पॅरिसमध्ये बंदी असलेला ॲरिस्टॉटल आमच्याकडे शिकायला मिळेल!

दोन वर्षांनी, १२३१ मध्ये, पोप नववा ग्रेगरी याने सनद दिली. अन्याय झाला आणि दाद मिळाली नाही, तर व्याख्यानं बंद ठेवायचा हक्क अध्यापकांना तीत मिळाला. संपाचाच हक्क तो. आणि १२५५ मध्ये तेच बंदीतले ग्रंथ पॅरिसच्या अभ्यासक्रमात रीतसर आले. एकट्यादुकट्या विद्वानाला गप्प बसवणं सोपं असतं. इथे राजा आणि बिशप या दोघांशीही भांडू शकेल अशी अध्यापकांची संघटना उभी राहिली होती. मध्ययुगाची सगळ्यात मोठी देणगी मी यालाच मानते.

पण ही मुभा आतल्यांसाठी होती. बायकांना विद्यापीठाचं दार बंद होतं. ज्यूंच्या वाट्याला तर याहून भयंकर आलं. सनद देणाऱ्या त्याच ग्रेगरीने १२३९ मध्ये ताल्मुद, म्हणजे ज्यूंच्या धर्मनियमांचा आणि त्यांवरच्या चर्चांचा ग्रंथ, जप्त करायचे आदेश धाडले. पुढच्या वर्षी त्याच ब्लांश राणीसमोर पॅरिसचे रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, येहिएल यांना आपल्या ग्रंथाचा बचाव करायला उभं केलं गेलं. १२४२ च्या सुमारास पॅरिसमध्ये गाड्या भरभरून हस्तलिखितं जाळली. प्रत्येक प्रत हाताने लिहिलेली, पिढ्यान् पिढ्या टिपणं करत वाचलेली.

पुढे पोप चौथा इनोसंट याच्याकडे ज्यूंनी दाद मागितली, की ताल्मुदशिवाय आम्हाला आमचा धर्मग्रंथ कळणार नाही. पोपने फेरविचार करायला सांगितलं. १२४८ मध्ये निकाल आला, पुन्हा ताल्मुदच्या विरोधात. त्याला संमती देणाऱ्यांत पॅरिसचे नामवंत अध्यापक होते आणि त्यांत अल्बर्ट द ग्रेटही होता. लॅटिन वाचकांना ॲरिस्टॉटल समजावून सांगण्यात त्याने आयुष्य घालवलं. थॉमस अक्वायनस या थोर ख्रिस्ती तत्त्वज्ञाचा तो गुरू. मायमोनिडीस या ज्यू तत्त्ववेत्त्याचे विचार त्याने आपल्या ग्रंथांत आदराने घेतले आहेत. म्हणजे ज्यूंच्या विद्येची खोली त्याला ठाऊक होती. पुस्तकांना चूड लावणाऱ्या शिपायापेक्षा अल्बर्टची ती संमती मला जास्त अक्षम्य वाटते.