शिंका सम की विषम

मुंबईचे लोक शनिवारी कसारा घाट चढून येतात, गंगापूर धरणाकडे कुठल्यातरी वाईनरीत बसतात आणि छाती भरून श्वास घेऊन म्हणतात, काय हवा आहे यार तुमच्या नाशिकला! आणि आम्ही इथे इंदिरानगरात दारं-खिडक्या लावून, हप्त्यावर एसी घेऊन, त्याच हवेपासून लपून बसलोय. कारण आमच्याकडे नवऱ्याचं नाक आहे.

साधी माणसं एकदा शिंकतात, फार तर दोनदा. याची सकाळी उठल्या उठल्या लडच लागते. त्यात सासूबाईंचा नियम असा की कुणी बाहेर निघताना शिंक आली तर थांबायचं, घोटभर पाणी प्यायचं, मग निघायचं, पण लगेच दुसरी आली तर पहिली रद्द. म्हणजे सम शुभ, विषम अशुभ. आता ऑक्टोबरातली सकाळ, लेकीचा क्लास सातला, ती एक बूट घालून दारात उभी, मी गाडीची किल्ली घेऊन उभी आणि सगळे बेडरूमकडे कान लावून मोजतोय. थांबला का? थांबला वाटतं. किती झाल्या? अगं मधली एक अर्धवटच आली, ती धरायची का? क्लासच्या सरांना उशिराचं कारण काय सांगणार, कप्पाळ!

शेवटी ॲलर्जीच्या डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी हातावर पेनाने खुणा करून प्रत्येक खुणेशी एकेका द्रावणाचा थेंब ठेवला, बारीक टोचलं आणि म्हणाले, पंधरा-वीस मिनिटं बसा, खाजवायचं नाही. ज्या माणसाला डास चावला तर अख्खी कॉलनी कळते त्याला हे सांगणं म्हणजे कमालच. मग पट्टीने गांधी मोजल्या, मिलिमीटरमध्ये. दोन जोरात उठल्या होत्या, एक गाजर गवताची आणि दुसरी घरातल्या धुळीतल्या माइट्सची.

गाजर गवताचं पटण्यासारखं होतं. सोसायटीमागचा प्लॉट वर्षानुवर्षं रिकामा, पाऊस संपता संपता तिथे कमरेएवढं गवत आणि त्यावर ती बारीक पांढरी फुलं, दिसायला अगदी गरीब. डॉक्टर म्हणाले मूळचं अमेरिकेकडचं आहे, भारतात लक्षात आलं ते १९५० च्या दशकात पुण्यात, तिथून सगळीकडे पसरलं. सासूबाई म्हणाल्या, ‘पुण्याहून आलंय ना, मग त्रास होणारच.’

माइट्सचं मात्र घरी सांगणं अवघड गेलं. डोळ्यांना न दिसणारे जीव, गाद्या-उशा-गोधड्यांत राहतात, आपल्या अंगावरून गळालेली कातडी खातात आणि त्यांच्या विष्ठेची ॲलर्जी होते. हे वाक्य सासूसमोर एकदा बोलून बघा. ‘माझ्या गोधडीत विष्ठा?’ एवढंच त्या म्हणाल्या आणि दोन दिवस माझ्याशी फक्त लेकीमार्फत बोलत होत्या. गोधडी त्यांच्या आईच्या नऊवारीची आहे, तिच्याविरुद्ध बोलायची कुणाची टाप नाही. त्यात डॉक्टरांनी सांगितलेलं की चादरी-अभ्रे दर आठवड्याला साठ डिग्रीच्या गरम पाण्यात धुवा, तर माइट मरतात. नऊवारी आणि साठ डिग्री! विषय तिथेच बंद.

मग एसी. हे माइट पाणी पीत नाहीत, हवेतला ओलावा शोषून जगतात, खोलीतली आर्द्रता पन्नास टक्क्यांच्या खाली ठेवली की सुकतात, म्हणून पावसाळ्यात एसी ड्राय मोडवर लावायचा असं ठरलं. ‘पावसाळ्यात एसी? लोक काय म्हणतील?’ सासूबाई. पण बाल्कनीत पाईपखाली बादली ठेवली आणि सकाळपर्यंत ती बऱ्यापैकी भरली तेव्हा त्याही गप्प झाल्या, एवढं पाणी खोलीच्या हवेत होतं? आता ते पाणी मनी प्लांटला घालतात. तुळशीला नाही, ते उष्टं आहे म्हणे.

खरेदीचं फार सांगत नाही, दुकानातला पोरगा प्रत्येक मॉडेलपाशी ‘मॅडम, यात सेव्हन स्टेज फिल्टरेशन’ म्हणत होता आणि सात कुठल्या हे विचारलं की रंग दाखवत होता. शेजारचे काका तर छातीठोकपणे सांगत होते की बाहेरचा डबा बाहेरची हवा ओढतो आणि गाळून आत सोडतो. अहो काका, त्या दोन डब्यांमध्ये तांब्याची नळी, वायर आणि पाण्याचा पाईप, हवा कुठून जाणार! स्प्लिट एसी खोलीतलीच हवा गोल गोल फिरवतो. म्हणजे परागकण येणार ते खिडकीतून, कपड्यांवरून, केसांवरून, आणि एकदा आत आले की एसीची जाळी त्यातले पकडेल तेवढे पकडणार. बारीक धुळीपुढे ती जाळी काहीच नाही, त्याला हेपा लागतो, ०.३ मायक्रॉनचे ९९.९७ टक्के कण अडवणारा, आणि तो साध्या घरगुती एसीत नसतो, वेगळा एअर प्युरिफायर घ्यावा लागतो. खरं तर एसीचा जन्मच माणसांसाठी नाही. १९०२ मध्ये विलिस कॅरियर नावाच्या इंजिनिअरने ब्रुकलिनच्या एका छापखान्यासाठी हे यंत्र आखलं, कारण दमटपणाने कागद फुगायचा आणि रंग जागेवर बसायचे नाहीत. कागदाची सोय आधी, माणसाचं नाक नंतर.

तर जाळी. हल्ली सगळीकडे सिंहस्थाच्या नावाने रस्ते खणलेत, त्यामुळे ती दर पंधरवड्याला धुवावी लागते. पुढचं झाकण वर केलं की दोन जाळ्या सरकून हातात येतात आणि त्यावर दुधावरच्या सायीसारखा सलग राखाडी थर असतो, नखाने कोपरा उचलला की अख्खा निघतो. त्यात लेकीचे लांब केस, गोधडीचे लाल धागे आणि एकदा चक्क टिकली. हँड शॉवरने मागच्या बाजूने पाणी मारायचं, सावलीत वाळवायचं, उन्हात ठेवली तर वाकते. हे काम कोण करणार? नवरा करू शकत नाही, शिंका येतात. सासूबाई करणार नाहीत, गोधडीचा अपमान आठवतो. लेक दहावीला आहे, आणि दहावी म्हणजे काय ते महाराष्ट्रात वेगळं सांगायला नको. उरलं कोण?

सर्व्हिसवाला येतो तो मशीनने आतली कॉइल धुतो, बादलीत काळंकुट्ट पाणी पडतं, आत कायम ओल असल्यामुळे बुरशी धरते म्हणून ते लागतंच. तेवढ्यासाठी त्याला पैकीच्या पैकी मार्क. पण जाताना न चुकता म्हणणार, ‘मॅडम, गॅस कमी वाटतोय.’ अरे बाबा, गॅस बंद नळीत फिरतो, लीक असल्याशिवाय कमी होत नाही, आणि मी बोलावलंय शिंकांसाठी. तो म्हणतो, ‘गॅस भरला की शिंकाही कमी होतील.’ काय बोलणार.

पण खरं सांगू, फरक पडला. सकाळी खिडक्या बंद, बाहेरून आल्यावर कपडे बाथरूममध्ये, जाळी स्वच्छ, एवढ्यावर नवरा त्या खोलीत शांत झोपायला लागला आणि पाहुण्यांना आर्द्रतेवर लेक्चर द्यायला लागला. इथेच माशी शिंकली. थंड, कोरडी, बिनधुळीची खोली घरात एकच आणि मे महिन्यात पारा चाळिशीला. आधी लेक आली, अभ्यासाला म्हणून, येताना टेडी घेऊन. मग सासूबाई ‘जरा पाठ टेकते’ म्हणत आल्या, गोधडीसकट. हल्ली नवीन एसी नियमाप्रमाणे २४ वर सुरू होतो, लेक त्याला २० वर नेते, सासूबाई २८ वर, आणि दोघींच्या भांडणात नवरा गेला हॉलमध्ये. हॉलची खिडकी सासूबाईंनी पहाटे साडेपाचलाच उघडलेली असते, सकाळची हवा चांगली असते म्हणून.

काल रात्री तो उशी घ्यायला आला आणि दारात उभं राहून गुलूगुलू बोलत बसला. लेकीने पुस्तकातून डोकं वर न काढता सांगितलं, ‘बाबा, एक तर आत ये नाहीतर बाहेर जा, दार उघडं ठेवू नकोस, पोलन येतं.’