हजारदुआरी बघून परत फिरू नका

बंगालमध्ये मुर्शिदाबादला जाणारी आपली मराठी मंडळी तिथला हजारदुआरी राजवाडा बघतात, रेशमी साड्या घेतात आणि कोलकात्याची गाडी पकडतात. बहरामपूरपासून अगदी जवळ, भागीरथीच्या पश्चिमेला चिरुटी गावाशेजारी असलेल्या राजबाडीडांग्याला, म्हणजे जुन्या बौद्ध विहाराच्या अवशेषांकडे, फारसं कुणी जात नाही. मला याचं मनापासून वाईट वाटतं.

जे जातात तेही लगेच परत फिरतात, कारण समोर दिसतात त्या विटांच्या बुटक्या भिंती, जोती आणि गवत. आपण सह्याद्रीची माणसं, अखंड कातळात कोरलेली लेणी बघत वाढलेली. वारसा म्हणजे दगड, हे डोक्यात पक्कं बसलंय. पण इथली जमीनच नदीने आणलेल्या गाळाची. दगड आणायचा कुठून? म्हणून विहार बांधले विटांचे, आणि पडक्या इमारतीची वीट कुणाच्याही घराला उपयोगी पडते. जमिनीखाली झाकलं गेलं तेवढं टिकलं. उंच काही दिसत नाही म्हणून जागा किरकोळ ठरवणं हा मला सरळ अन्याय वाटतो.

१९६२ पासून कलकत्ता विद्यापीठाने इथे उत्खनन केलं, तेव्हा भाजलेल्या मातीच्या मुद्रा मिळाल्या. त्यावर लिहिलेलं होतं, ‘रक्तमृत्तिका महाविहारातल्या आर्य भिक्षुसंघाची’. तळहातावर मावेल एवढ्या मातीने सातव्या शतकातला गौड राजा शशांक याची राजधानी कर्णसुवर्ण नेमकी कुठे होती, हा जुना वाद मिटवला, कारण त्याच शतकात भारतात आलेल्या ह्युएनत्संग या चिनी भिक्षूने हा विहार राजधानीच्या शेजारीच असल्याचं लिहून ठेवलंय.

त्याने या विहाराची कथाही दिलीय. दक्षिणेतून एक पंडित आला. पोटाला तांब्याचे पत्रे बांधलेले, कारण एवढ्या विद्येने पोट फुटेल ही भीती! डोक्यावर पेटता दिवा, अज्ञानी लोकांना उजेड मिळावा म्हणून. राज्यात त्याच्याशी वाद घालणारा कुणी सापडेना. शेवटी दक्षिणेतल्याच एका भिक्षूने त्याला हरवलं आणि राजाने कृतज्ञतेने हा विहार बांधला. पुढे ह्युएनत्संग सांगतो, की इथल्या तीन मठांत देवदत्ताच्या शिकवणीप्रमाणे दुधाचे घट्ट पदार्थ खात नसत. देवदत्त म्हणजे बुद्धाशी फारकत घेतलेला त्याचा चुलतभाऊ. हजार वर्षांनंतरही त्याला मानणारे लोक इथे नांदत होते.

शशांकाने बोधिवृक्ष तोडला हे ह्युएनत्संगाचं वाक्य सगळेच सांगतात. पण शशांक गेल्यावर थोड्याच वर्षांत त्याच्याच राजधानीत दहाहून जास्त विहार आणि दोन हजारांच्या आसपास भिक्षू असल्याचं हाच माणूस लिहितो. एक सांगायचं आणि दुसरं गाळायचं, हे मला पटत नाही.

आणि हे गाव आडबाजूचं कधीच नव्हतं. आजच्या मलेशियातल्या पेनांगजवळ १८३४ मध्ये एक शिलालेख सापडला, पाचव्या शतकाच्या सुमाराचा. मधोमध स्तूप कोरलेला, आणि नाव रक्तमृत्तिकेच्या महानाविक, म्हणजे जहाजाचा कप्तान, बुद्धगुप्ताचं. प्रवास सफल होवो, एवढीच त्याची मागणी. गंगेच्या एका फाट्यावरचा हा माणूस थेट मलायापर्यंत जहाज घेऊन गेला होता. तो दगड आज कोलकात्याच्या इंडियन म्युझियमकडे आहे.

आपल्याकडेही याचा धागा येतो. कान्हेरीतला नवव्या शतकातला एक शिलालेख गौड देशातून, म्हणजे बंगालमधून आलेल्या अविघ्नाकर नावाच्या बौद्ध उपासकाचा आहे. शिलाहारांच्या राज्यात येऊन त्याने भिक्षूंसाठी ध्यानाच्या खोल्या करवल्या, द्रम्म, म्हणजे तेव्हाची नाणी, ठेव म्हणून दिले. तो एवढ्या लांबून कान्हेरीला आला. आपल्याला हजारदुआरीहून पुढे अर्धा दिवस काढणं जड जाऊ नये.

काटवा–अजीमगंज मार्गावर कर्णसुवर्ण नावाचंच स्टेशन आहे. थंडीत जा. ह्युएनत्संगाचा कर्णसुवर्णावरचा मजकूर जेमतेम दोन-तीन पानांचा आहे, तो आधी वाचा आणि मग त्या जोत्यांमधून सावकाश फिरा. आणि तिथल्या पुरातत्त्व खात्याला पत्र लिहायला माझ्यासोबत कुणी तयार असेल तर कमेंटमध्ये सांगा. मागणी एकच: त्या मुद्रेची आणि बुद्धगुप्ताच्या शिलालेखाची मोठी प्रतिकृती, बंगालीत नीट माहिती लिहून, त्या गावातच लावा.