‘पहिला’ म्हणे!

‘डू यू वाँट मोर’ हा फिलाडेल्फियाच्या द रूट्स या रॅप बँडचा १९९५ चा अल्बम (मूळ नावापुढची प्रश्न-उद्गारचिन्हांची माळ मी गाळतोय). त्याचा विषय निघाला की एक कौतुक हमखास कानावर येतं: ‘खरी वाद्यं वाजवून केलेला हा पहिला रॅप अल्बम. त्याआधी रॅप म्हणजे दुसऱ्यांच्या रेकॉर्डींची चोरी. जॅझनं त्याला दर्जा दिला.’

अल्बम माझाही लाडका. पण कौतुक तिन्ही बाजूंनी फसलंय.

आधी ‘पहिला’. १९७९ च्या ‘रॅपर्स डिलाइट’साठी शीक या बँडच्या ‘गुड टाइम्स’ची चाल वादकांनी स्टुडिओत नव्यानं वाजवली होती. म्हणजे रॅपची पहिली गाजलेली रेकॉर्डच हातानं वाजवलेली. दुसऱ्यांच्या रेकॉर्डींतले तुकडे कापून वाजवणारं यंत्र, म्हणजे सॅम्पलर, रॅपमध्ये नंतर आलं. जॅझचं म्हणाल, तर १९९१ साली अ ट्राइब कॉल्ड क्वेस्ट या रॅप गटाच्या अल्बमवर जॅझवाले रॉन कार्टर डबल बेस वाजवून गेले, आणि गुरू नावाच्या रॅपरच्या १९९३ च्या ‘जॅझमटॅझ’वर डोनाल्ड बर्ड, रॉय एअर्स अशी जॅझमधली मातब्बर मंडळी होती.

‘चोरी’ची गोष्ट जास्त मजेशीर आहे. रूट्सच्या या अल्बमात दुसऱ्यांचे तुकडे जवळजवळ नाहीत, हे खरं. पण बँडचा ड्रमर क्वेस्टलव्ह ड्रम कसा वाजवतो ते नीट ऐका. जॅझचा ड्रमर सोलो वाजवणाऱ्याला उत्तर देत, ठोके हलवत जातो. हा पठ्ठ्या ठेका धरून बसतो. तोच तुकडा, तसाच, पुन्हा पुन्हा. आवाजही कोरडा, एखाद्या जुन्या रेकॉर्डवरून कापून आणल्यासारखा. लूपमधली, म्हणजे सॅम्पलरवर तोच तुकडा फिरत राहतो त्यातली, झिंग त्याला हातानं आणायची होती. ज्याला तुम्ही चोरी म्हणता, त्याचाच हा रियाज आहे!

राहिला दर्जा. स्टीव्ह कोलमनचा सॅक्सोफोन आहे, रूफस हार्ली तर चक्क बॅगपाइप वाजवतो (जॅझमध्ये बॅगपाइप, आणि माणूस फिलाडेल्फियाचाच). पण याच अल्बममधलं ‘एसेव्हुमन’ हे गाणं लावा. बँडचा रॅपर ब्लॅक थॉट तोंडानं सुरांचा तुकडा काढतो आणि वाद्यांशी त्याचा सवाल-जवाब रंगतो. त्यात सवाल कोण टाकतंय, तेवढं ऐका.